आठ इंची डॉब की स्मार्ट टेलिस्कोप? तेजोमेघांसाठी दुर्बीण घेताना

दिवाळीच्या आसपास हा प्रश्न दरवर्षी येतो. पावसाळा संपलेला असतो, आकाश धुऊन निघालेलं असतं, बोनस हातात असतो, आणि कोणीतरी विचारतं, "तेजोमेघ बघायचेत. आठ इंची डॉब घेऊ, की तो मोबाईलवर चित्र दाखवणारा स्मार्ट टेलिस्कोप?" (तेजोमेघ म्हणजे ताऱ्यांच्या मधले वायू-धुळीचे ढग. डॉब म्हणजे डॉबसोनियन, साध्या बुडावर बसवून हाताने ढकलत फिरवायची आरशाची दुर्बीण, आणि आठ इंच हा तिच्या आरशाचा व्यास.) दोन्हींच्या किमती साधारण एकाच पट्ट्यात पडतात, त्यामुळे खिसा काही निर्णय करून देत नाही. मी उलट विचारतो: राहता कुठे, कितव्या मजल्यावर, आणि तेजोमेघ 'बघायचा' म्हणजे नेमकं काय करायचंय?

शेवटच्या प्रश्नावर लोक हसतात, पण सगळं तिथेच अडलेलं असतं.

जानेवारीतली अमावस्या धरा. मृगाच्या पोटात घुसलेल्या बाणाच्या तीन चांदण्या सापडल्या की त्यांच्या जरा दक्षिणेला एक पुसट ठिपका दिसतो. तोच एम४२, म्हणजे मृगातला मोठा तेजोमेघ, सुमारे १३५० प्रकाशवर्षं दूर. डॉबला २५ मिलिमीटरची नेत्रिका (डोळा लावायचं भिंग) लावून बघितलं की आधी मध्यभागी चार तारे टाचणीच्या टोकांसारखे उभे राहतात. मग त्यांच्याभोवती राखाडी, किंचित हिरवट झाक असलेला धूर, त्यात माशाच्या जबड्यासारखी एक काळी खाच. डोळा थेट न रोखता जरा बाजूला बघा, धुराचे दोन पंख लांब पसरतात. पाच मिनिटं टिकून राहिलात तर आणखी पसरतात. गुलाबी रंग मात्र कुठेच नाही. आकाशदर्शनाला आलेली मुलं हमखास विचारतात, "काका, रंग कुठाय?"

रंग डोळ्यांत नाही. अंधाराला सरावलेला डोळा ५०७ नॅनोमीटरच्या आसपास, म्हणजे निळसर-हिरव्या पट्ट्यात सर्वांत तरबेज असतो. तेजोमेघातला ऑक्सिजन नेमका ५००.७ ला चमकतो, तो आपल्याला दिसतो. हायड्रोजनची लाल रेषा ६५६.३ ला आहे, आणि तिथे काळोखातला डोळा जवळजवळ आंधळा. कॅमेऱ्याला ही अडचण नाही. शिवाय डोळा प्रकाश साठवून ठेवू शकत नाही, कॅमेरा साठवत बसतो.

म्हणूनच सीस्टार एस५० सारखं स्मार्ट यंत्र जेमतेम ५० मिलिमीटरच्या भिंगावर एवढं करून दाखवतं. आठ इंची आरसा त्याच्या सोळा पट प्रकाश गोळा करतो, तरी चित्रात बाजी हे छोटं यंत्र मारतं. तिपाईवर ठेवा, मोबाईल जोडा, एम४२ निवडा. ते स्वतः फिरून जागेवर जातं, दहा-दहा सेकंदांची चित्रं काढून एकावर एक रचतं. पहिल्या चित्रात दाणेदार डाग, दहाव्या मिनिटाला गुलाबी पाकळ्या. आणि हे कोथरूडच्या किंवा ठाण्याच्या गच्चीवरून, समोर सोसायटीचा हॅलोजन चालू असताना! आतला फिल्टर फक्त हायड्रोजन आणि ऑक्सिजनच्या रेषांजवळचा प्रकाश सोडतो, शहराचा बराचसा उजेड बाहेरच राहतो.

डोळा की कॅमेरा, हे भांडण तसं जुनंच आहे. १६१० मध्ये फ्रान्सच्या पेरेस्कला एम४२ दुर्बिणीतून दिसला. गॅलिलिओने १६१७ मध्ये त्याच्या मध्यावरचे तारे नोंदवले, पण भोवतालच्या धुराबद्दल अवाक्षर नाही. हायगेन्सने १६५६ मध्ये बघून काढलेलं रेखाचित्र आजही डॉबमधल्या दृश्याशी ओळख सांगतं. डोळा फसवतोही बरं का. आयर्लंडच्या लॉर्ड रॉसने ७२ इंची राक्षसी दुर्बिणीतून बघून सांगितलं की हा तेजोमेघ म्हणजे ताऱ्यांचीच गर्दी. पुढे १८६४ मध्ये इंग्लंडच्या हगिन्सने कालेय तारकासमूहातल्या एका तेजोमेघाचा वर्णपट पाहिला, त्यात मोजक्या चमकदार रेषा निघाल्या, म्हणजे तो चक्क वायू होता. मग १८८० च्या ३० सप्टेंबरला हेन्री ड्रेपरने एम४२ चं पहिलं छायाचित्र घेतलं, ५१ मिनिटं प्लेट उघडी ठेवून. तीनच वर्षांनी इंग्लंडमध्ये अँड्र्यू कॉमनच्या छायाचित्रात डोळ्यांना कधीच न दिसलेले तारे उमटले. अश्वशीर्ष तेजोमेघ तर सापडलाच प्लेटवर, १८८८ मध्ये, हार्वर्डच्या विल्यमिना फ्लेमिंगना.

यात पुण्याचाही एक धागा आहे. भावनगरच्या महाराजांच्या देणगीतून कॉलेज ऑफ सायन्समध्ये, म्हणजे आजच्या सीओईपीत, वेधशाळा उभी राहिली होती. तिथे कावसजी दादाभाई नायगमवालांनी १८९१ च्या सुमारास एम४२ च्या त्याच, ५००.७ च्या हिरव्या रेषेचा अभ्यास केला. इंग्रज खगोलशास्त्रज्ञ लॉकियर म्हणत होते की ती मॅग्नेशियमची असावी. तसं असतं तर ती एका कडेला पसरट दिसायला हवी होती. पुण्यातून ती धारदारच दिसली. ती ऑक्सिजनची आहे हे कळायला १९२७ उजाडलं. वेधशाळा १९१२ मध्ये बंद झाली, साहित्य कोडाईकनालला गेलं. डॉबमधून हिरवट झाक दिसली की मला नायगमवाला आठवतात. स्मार्ट टेलिस्कोपवर नाही आठवत, हा माझा दोष समजा.

आता व्यवहार. डॉब म्हणजे मीटरभराहून लांब नळी, बूड धरून वीस किलोच्या वर वजन. लिफ्ट नसलेल्या इमारतीत चौथ्या मजल्यावर राहत असाल तर दोन महिन्यांत तिच्यावर कपडे वाळत पडतील. आरसे अधूनमधून जुळवावे लागतात, पावसाळ्यात बुरशीपासून जपावं लागतं (सिलिका जेलची पुडकी आणि कोरडं कपाट, दुसरा उपाय नाही). मुख्य म्हणजे दुर्बीण तेजोमेघ मोठा करते, त्याचा पृष्ठभाग उजळवत नाही. मागचं आकाशच उजळ असेल तर आठ इंच काय, सोळा इंच आणलेत तरी धूर धुरातच जाणार. त्यामुळे डॉब घेणाऱ्याने गाडीचं आणि सवडीच्या शनिवारांचंही गणित मांडावं. मुंबईजवळच्या वांगणीसारखी आकाशदर्शनाची जुनी ठिकाणंही आता पूर्वीइतकी काळी राहिलेली नाहीत. विदर्भातल्यांना पेंचचा व्याघ्रप्रकल्प आहे. जानेवारी २०२४ मध्ये त्याला डार्क स्काय पार्कचा, म्हणजे अंधारं आकाश जपणाऱ्या उद्यानाचा, दर्जा मिळाला, भारतातला पहिला.

काळ्या आकाशाखाली मात्र पारडं फिरतं. ओ-थ्री फिल्टर (ऑक्सिजनच्या हिरव्या रेषेजवळचाच प्रकाश सोडणारा) लावून हंस तारकासमूहातला व्हेल तेजोमेघ बघा, ऑक्टोबरच्या संध्याकाळी तो छान वर असतो. फिल्टरशिवाय जिथे काहीच नव्हतं तिथे पिळलेल्या दोऱ्यासारखी रेषा उमटते, आणि नळी हळूहळू ढकलत तुम्ही तिच्या मागे जात राहता. मोबाईलच्या पडद्यावरचं चित्र कितीही देखणं असलं तरी ही सरकत जाण्याची मजा त्यात नाही. स्मार्ट टेलिस्कोपला नेत्रिकाच नसते. डोळा लावायला जागाच नाही. एम४२ च्या मधल्या चार ताऱ्यांचाही त्यात बहुतेक वेळा पांढरा गोळा होतो. गुरू-शनीही पिटुकले दिसतात, घरच्यांना कडी दाखवायची असेल तर डॉबच. उलट अश्वशीर्ष हवा असेल तर डॉबचा नाद सोडा. माझी त्यापायी कित्येक थंड रात्रींची झोप गेली, आणि जे दिसलं ते दिसलं की भास झाला हे अजून ठरत नाही. स्मार्ट यंत्र तो गच्चीवरून अर्ध्या तासात काढतं.

तर शहरातला फ्लॅट, गाडी नाही, रात्री तासभरच मोकळा, किंवा कंबर दुखते: स्मार्ट टेलिस्कोप घ्या, अपराधी वाटून घेऊ नका. गावाकडे घर असेल, किंवा महिन्यातून एकदा अंधारात जाणारा कंपू असेल तर डॉब. दोन्ही घेण्याची ऐपत असलेल्यांनी हा लेख वाचायची गरज नव्हती.

आणि कोकणात किंवा गोव्यात किनाऱ्याजवळ असाल तर दोन्ही थांबवून आधी १०×५० ची बायनॉक्युलर घ्या. एप्रिलच्या सुरुवातीला रात्री साडेदहाच्या सुमारास मालवणहून दक्षिणेला समुद्रावर बघा. क्षितिजापासून सुमारे १४ अंशांवर नौकातल तारकासमूहातला मोठा तेजोमेघ असतो. लाकाय या फ्रेंच माणसाने तो १७५२ मध्ये आफ्रिकेच्या दक्षिण टोकाहून शोधला, तेही अर्ध्या इंचाच्या भिंगातून. तुमच्या बायनॉक्युलरची भिंगं दोन-दोन इंचांची आहेत. फक्त त्या बाजूला मासेमारीच्या बोटींचे दिवे नसतील अशी जागा आधी दिवसा जाऊन हेरून ठेवा.