सफाई करणारा मासा आणि त्याचा तोतया

हिंदी व प्रशांत महासागरांतील प्रवाळभित्तींवर आढळणारे, फिकट निळ्या अंगावर काळा पट्टा असलेले दोन लहान मासे एकमेकांशी कमालीचे मिळतेजुळते आहेत. त्यांपैकी क्लीनर रॅस इतर माशांच्या अंगावरील परजीवी खाऊन जगतो, तर त्याचे रूप घेतलेला ब्लेनी कुळातील तोतया संधी मिळताच त्यांच्या परांचे लचके तोडतो. खात्रीची खूण तोंडाची: रॅसचे तोंड मुस्कटाच्या टोकाशी असते, तोतयाचे खालच्या बाजूला.

रॅसचे जीवनचक्र मला अधिक विलक्षण वाटते. एका नराभोवती अनेक माद्यांचा समूह असतो आणि तो नर मेला की त्यांतील सर्वांत मोठी मादी काही तासांतच नरासारखी वागू लागते व पुढे काही आठवड्यांत प्रत्यक्ष नर बनते. त्यांची अंडी पाण्यात तरंगत दूर जातात. तोतया मात्र अंडी बिळात किंवा रिकाम्या शिंपल्यात घालतो आणि नर त्यांची राखण करतो. त्याला केवळ लुटारू म्हणणे अन्यायाचे ठरेल, कारण नळीत राहणाऱ्या कृमींचे शुंडक (तोंडाजवळचे धाग्यांसारखे अवयव) आणि इतर माशांची अंडी हेही त्याचे महत्त्वाचे अन्न आहे.