कोल्हापूरच्या बिंदू चौकाजवळचं फ्लेक्सचं दुकान : उशीर करतात पण वाचून छापतात

फ्लेक्स कुठं करायचा म्हणून पोरं सारखी विचारतात म्हणून एकदाच लिहून टाकतो. दुकान बिंदू चौकातनं आत वळलं की गल्लीत, बोर्ड बारका आहे, शाईचा वास आला की समजायचं आलं.

मी पहिल्यांदा गेलो २०१७ च्या एप्रिलमध्ये. १० तारखेला बातमी आली की पाकिस्तानच्या लष्करी कोर्टानं कुलभूषण जाधवांना हेरगिरीच्या आरोपावरून फाशी सुनावली, आणि माणूस जन्मानं सांगलीचा म्हणजे शेजारचाच की, गल्लीतली पोरं जाम पेटलेली. ना पक्ष ना पुढारी, वर्गणी काढून बॅनर करायचा आणि चौकात उभं राहायचं एवढंच ठरलेलं. दुकानात १४ एप्रिलच्या जयंतीच्या कामांची थप्पी, पाय ठेवायला जागा नाही. तरी दुकानातल्या मामांनी आमचा मजकूर वाचला (कोण वाचतंय ओ!) आणि म्हणाले, "मुर्दाबाद तर सगळेच लिवत्यात, त्या गड्याला आपल्या वकिलातीचा माणूस एकदा तरी भेटू दिला का, ते लिवा की." मग तिथंच स्टुलावर बसून ठरवलं, 'भेटू दिलं नाही, बाजू ऐकली नाही, ही कसली फाशी?'

आता तक्रार. सातला देतो म्हणाले, हातात पडला साडेनऊला आणि उलगडून बघतोय तर 'कुलभुषण'! कॉम्प्युटरवरचं पोरगं म्हणतंय कोण बघतंय. मामांनी गप उठून दुसरा मारला, जादा पैसे नाहीत, रिंगा पण स्वतः ठोकल्या. दुसऱ्या दिवशी आम्ही तीसेक जण तो धरून चौकातल्या जेलच्या भिंतीसमोर उभे.

१७ जुलै २०१९ ला हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयानं १५ विरुद्ध १ नं नेमका तोच मुद्दा धरला, वकिलातीला भेटू दिलं नाही हा व्हिएन्ना कराराचा भंग, शिक्षेचा फेरविचार करा. सुटका काय दिली नाही, जाधव अजून तिकडंच आहेत. मी पेपर घेऊन दुकानात गेलेलो, मामांनी चष्मा वर सारून सगळं वाचलं आणि "च्या घेणार?" एवढंच.

दर बाजारात आहे तोच. सातला पाहिजे असेल तर चारची वेळ सांगा, आणि प्रूफ स्वतः वाचा. उशिराचा एक स्टार कापलाय. तो चुकलेला फ्लेक्स मी मागून आणलेला, पावसाळ्यात गाडीवर टाकतोय, अजून फाटला नाही.