हप्ता तोच राहील, दादा

आधीच सांगतो, मी अडाणी नाही. नाशिकजवळच्या अंबड एमआयडीसीत एका कारखान्यात क्वालिटी बघतो. दिवसभर हातात व्हर्निअर नाहीतर मायक्रोमीटर. जॉब, म्हणजे मशीनवर बनलेला भाग, मापाच्या पाच मायक्रॉन बाहेर गेला तरी लाल टॅग लावून बाजूला काढतो, मशीनवरची पोरं वैतागतात माझ्यावर. अशा माणसाने तीस लाखांच्या कर्जाच्या कागदांवर न वाचता सह्या केल्या. घरात हे फक्त बायकोला माहीत आहे. मेहुण्याला अजून सांगितलेलं नाही, कारण तो आयुष्यभर ऐकवेल.

मार्च २०२१. मुद्रांक शुल्कातली सवलत ३१ तारखेला संपणार होती. डिसेंबरपर्यंत ३ टक्के होती, जानेवारीपासून २ टक्के. पाथर्डी फाट्याजवळचा फ्लॅट ३८ लाखांचा, म्हणजे ७६,००० रुपये सुटणार. करोनाची दुसरी लाट चढत होती, नोंदणी कार्यालय कधी बंद होईल याचा भरवसा नव्हता. बँकेत विचारलं तर ‘तीन आठवडे धरून चाला’. बिल्डरच्या ऑफिसात मात्र एक पोरगा कायम बसलेला, गळ्यात एका गृहवित्त कंपनीचं ओळखपत्र. (कंपनीचं नाव लिहीत नाही. वकील म्हणाले, लिहिलंत तर नोटीस तुम्हालाच येईल.) पोरगा गोड बोलायचा. पाच दिवसांत मंजुरी आणतो म्हणाला आणि आणली. घाई होती म्हणून फसलो, एवढंच माझ्या बाजूने म्हणता येतं. ७६,००० वाचवायला निघालो होतो, हे लक्षात ठेवा.

ब्रोशरच्या मागे निळ्या पेनाने त्याने लिहून दिलं होतं: कर्ज ३०,००,०००, व्याज ७.५० टक्के, २० वर्षं, हप्ता २४,१६८. तो कागद अजून माझ्याकडे आहे. एप्रिलमध्ये पहिला हप्ता कापला गेला तो २५,०९१ रुपयांचा.

बायकोने पासबुक बघून विचारलं, “अहो, चोवीसचे पंचवीस कसे झाले?” मी काय म्हणालो असेन? “तुला काय कळतंय त्यातलं, प्रोसेसिंग फी असेल पहिल्या महिन्याची.” दुसऱ्या महिन्यातही २५,०९१. तेव्हा त्या पोराला फोन केला. “दादा, तुमच्या सेफ्टीसाठी विमा आहे त्यात. कंपलसरी असतो. आता हा हप्ता कायम, टेन्शन घेऊ नका.” नऊशे तेवीस रुपयांसाठी काय भांडायचं, असं मला वाटलं. हे वाक्य मी मनात शंभर वेळा परत म्हणून बघितलंय, दर वेळी तोंडात माती गेल्यासारखं होतं.

तो विमा म्हणजे १,१४,६०० रुपयांचा एकरकमी हप्ता, जो माझ्या कर्जातच मिसळला होता. कर्ज ३० लाखांचं नव्हतंच, ३१,१४,६०० चं होतं. महिना ९२३ प्रमाणे २४० महिने धरले तर त्या विम्याची किंमत सव्वादोन लाखांच्या घरात जाते. कर्ज २० वर्षांचं आणि विमा १० वर्षांचा! पॉलिसी ईमेलने पाठवली म्हणतात, आणि ईमेल कुणाचा नोंदवलेला? त्याच पोराचा. कर्जासाठी आयुर्विमा घ्यायलाच हवा असा नियम कुठेही नाही. कुणी ‘कंपलसरी’ म्हणाला की त्याच्याकडून तेवढंच एक वाक्य लेटरहेडवर लिहून मागा, कुणी देत नाही. कागदी पॉलिसी परत करायला तेव्हा १५ दिवस मिळायचे, ईमेलवरच्या पॉलिसीला ३०, आता सरसकट ३० मिळतात, पण त्यासाठी पॉलिसी हातात यावी लागते ना.

तरीही विमा सोडून देतो. खरा घाव पुढचा आहे.

४ मे २०२२ ला रिझर्व्ह बँकेने अचानक रेपो दर, म्हणजे ती ज्या दराने बँकांना पैसे देते तो, ४ वरून ४.४० टक्के केला. मग वाढतच गेला, फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५०. बातम्या सगळ्यांनीच बघितल्या. माझ्या शेजारच्या लाइनवर एक मित्र आहे, त्याचं कर्ज बँकेचं. त्याचा हप्ता दर तीन महिन्यांनी वाढायचा आणि चहाच्या टपरीवर तो बँकेला शिव्या घालायचा. जुलै २०२२ मध्ये मलाही एसएमएस आला. इंग्रजीत होता, अर्थ असा: तुमचा व्याजदर ८.२५ टक्के झाला आहे, कर्जाची मुदत सुधारली आहे, हप्त्यात बदल नाही. मी शेवटचे तीन शब्द वाचले. टपरीवर त्या मित्राला मोबाइल दाखवून म्हणालो, “बघ, याला म्हणतात कंपनी. तुझी बँक तुला सोलून काढतेय.” वर त्या दिवशीच्या चहाचे पैसे मीच दिले.

हीच ती वेळ होती. मोबाइल माझ्याच हातात, ‘मुदत सुधारली’ हे शब्द डोळ्यांसमोर, आणि सुधारून किती झाली हे विचारायचं मला सुचलं नाही. सुधारली म्हणजे काहीतरी बरंच झालं असणार, असं वाटलं मला! त्या एका एसएमएसने उरलेले हप्ते २२५ चे २५८ झाले होते. ३३ हप्ते, म्हणजे ८,२८,००३ रुपये, एका ओळीत. मित्र शिव्या देत होता पण त्याचं कर्ज ठरल्या वर्षी संपणार होतं. मी दात काढत होतो.

नंतर असेच एसएमएस येत गेले, ८.७५, ९.२५, एप्रिल २०२३ पासून ९.५०. ‘हप्त्यात बदल नाही’ एवढं बघायचं आणि खिशात टाकायचं.

कळलं ते जानेवारी २०२४ मध्ये, तेही माझ्या हुशारीने नाही. आयकरासाठी कंपनीत पुरावे द्यायचे होते म्हणून व्याजाचा दाखला काढला. अकाउंट्समधला पोरगा, माझ्या मुलाएवढा असेल, कागद उलटा-सुलटा करत म्हणाला, “दादा, मुद्दल एवढंच? एक शून्य राहिलंय का बघा.” वर्षाचं व्याज २,८४,१०४. मुद्दल १६,९८८. वर्षभरात ३,०१,०९२ भरणार आणि त्यातले सतरा हजारसुद्धा मुद्दलात जाणार नाहीत. मी म्हटलं, छपाईची चूक असेल. छपाईची!

घरी येऊन कंपनीच्या ॲपवरून पूर्ण स्टेटमेंट काढलं. झेरॉक्सवाल्याकडे अकरा पानं प्रिंट केली आणि फूटपट्टी धरून ओळ न् ओळ वाचली, जसं मार्च २०२१ मध्ये वाचायला हवं होतं. ३३ हप्ते भरून झाले होते, ८,२८,००३ रुपये. बाकी मुद्दल २९,८५,६३५. नीट बघा. बिल्डरला प्रत्यक्षात मिळालेल्या ३० लाखांतून पावणेतीन वर्षांत फक्त १४,३६५ रुपये फिटले होते. बाकीचं सगळं व्याज आणि विमा. एप्रिल २०२३ च्या ओळीत हप्ता २५,०९१, त्यात व्याज २३,७३६ आणि मुद्दल १,३५५. आणि उरलेले हप्ते: ३६१.

माझं कर्ज मार्च २०४१ ला संपणार होतं, मी साठीला येईन त्याच वर्षी, मुद्दाम तसं धरलं होतं. आता ते जानेवारी २०५४ मध्ये संपणार, मी तेव्हा ७३ वर्षांचा. एकूण १५४ हप्ते वाढले होते. १५४ गुणिले २५,०९१ म्हणजे ३८,६४,०१४. अख्ख्या फ्लॅटच्या किमतीपेक्षा जास्त, आणि ते घेतलेल्या कर्जाचं मूळ व्याज सोडून वर. बायकोने आकडा ऐकला आणि काही न बोलता गॅस बंद करून आत गेली. चोवीसचे पंचवीस कसे झाले, हे तिने पुन्हा विचारलं नाही. विचारलं असतं तर बरं झालं असतं.

त्याच रात्री एक्सेलमध्ये बसून हिशेब मांडला. पतसंस्थेत माझी एक लाखाची ठेव ७ टक्क्यांनी पडून होती. तो लाख कर्जात भरला असता तर ३६१ चे ३०६ हप्ते झाले असते, ५५ हप्ते, म्हणजे १३,८०,००५ रुपये कमी. कमी व्याजाची ठेव कुरवाळत महाग कर्ज पोसत होतो. तुमची अशी ठेव असेल तर उद्याच बघा. वैयक्तिक, बदलत्या दराचं गृहकर्ज लवकर फेडायला दंड नसतो, कुणी मागितला तर देऊ नका. आणि अर्जात ‘मुदत कमी करा’ असं लिहून द्या, नाहीतर ते हप्ता कमी करतात.

शाखेत गेलो. “सर, सिस्टम ऑटोमॅटिक मुदत वाढवतं. ॲग्रीमेंटमध्ये आहे.” खरंच होतं, पान १९ वर, मुंगीएवढ्या अक्षरात. मी म्हटलं, मला विचारलं का नाही? ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने स्पष्ट सांगितलं होतं की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत वाढवायची की दोन्ही, हा पर्याय ग्राहकाला द्या, आणि जुन्या कर्जदारांनाही ३१ डिसेंबर २०२३ पर्यंत कळवा. “एसएमएस गेलाय सर.” कुठला एसएमएस? “सिस्टममधून गेलाय.” मॅनेजर मीटिंगमध्ये. पुढच्या वेळी मॅनेजर रजेवर. तिसऱ्या वेळी मॅनेजरच बदललेला.

मग टोल-फ्री नंबर. नऊ दाबा, चार दाबा, आपला कॉल आमच्यासाठी महत्त्वाचा आहे. २२ जानेवारीला तक्रार अधिकाऱ्याला रजिस्टर पोस्टाने पत्र पाठवलं. एकतिसाव्या दिवशी उत्तर आलं, त्यात पान १९ चा फोटो. सरकारी पोर्टलवर तक्रार टाकली तर उत्तर, ही कंपनी आमच्या कक्षेत येत नाही. कुणाच्या कक्षेत येते ते लिहायचे कष्ट घेतलेले नाहीत. दुसरं पोर्टल शोधलं, कागद पुन्हा स्कॅन केले, दोन एमबीच्या वर फाइल चालत नाही म्हणून प्रत्येक पान वेगळं केलं. दोन महिन्यांनी मेसेज: कंपनीने उत्तर दिले आहे, तक्रार बंद करण्यात येत आहे. कंपनीचं उत्तर कुठलं? तेच पान १९! म्हणजे ज्याच्याविरुद्ध तक्रार, त्याने ‘मी काही केलं नाही’ म्हणायचं आणि फाइल बंद. मग मला कशाला विचारलंत, थेट त्यालाच पुरस्कार द्यायचा ना. तुमचं कर्ज बँकेचं आहे की गृहवित्त कंपनीचं, हे पहिल्या दिवशी समजून घ्या, तक्रारीची दारं वेगवेगळी आहेत आणि चुकीच्या दारात महिने जातात.

पोलीस ठाण्यातही गेलो, विम्याच्या सहीबद्दल. हवालदार म्हणाले, “सही तुमचीच आहे ना? मग हा दिवाणी मामला.” वर म्हणाले, “साहेब, तुमच्यासारखी शिकलेली माणसं अशी सही करतात म्हणजे कमाल आहे.” हे ऐकायला अर्ध्या दिवसाची रजा टाकली होती. ग्राहक आयोगाचं वकिलांना विचारलं, तर तक्रारीला दोन वर्षांची मुदत असते, विमा २०२१ चा, म्हणजे आधी उशीर का झाला ते पटवून द्यावं लागणार. फी १५,०००. गप्प बसलो.

शेवटी काय केलं? नव्या ग्राहकांना तीच कंपनी ८.६० ने देत होती. त्यांच्याच दारात जुना माणूस ९.५० वर आणि काल आलेला ८.६० वर, आणि तुम्ही मागितल्याशिवाय कुणी सांगत नाही. दर उतरवायची फी बाकीच्या अर्धा टक्का, अधिक जीएसटी, १७,६१५ रुपये. माझेच पैसे मला कमी लुटावेत म्हणून भरले. मुदत परत मार्च २०४१ वर आणून घेतली, हप्ता २७,७१८. म्हणजे जुन्या हप्त्यापेक्षा २,६२७ जास्त. एवढेच जास्त देऊन पुढची तेरा वर्षं टळली. २०२२ मध्येच कुणी समोर बसवून हे सांगितलं असतं तर मी नाही म्हणालो असतो का?

बदलत्या दराची नवी घर-गाडीसारखी वैयक्तिक कर्जं बँकांना १ ऑक्टोबर २०१९ पासून बाहेरच्या मापाला, म्हणजे त्यांच्या स्वतःच्या हातात नसलेल्या दराला, बांधावी लागतात, बहुतेक जणांनी रेपो घेतलाय. माझ्या कंपनीचा दर कंपनीच ठरवते. हा फरक मला ‘पाच दिवसांत मंजुरी’च्या आनंदात दिसला नाही. रेपो चढला तेव्हा यांचा दर लगोलग चढला. फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो ६.५० वरून ५.५० वर आला, माझा दर उतरला पाव टक्का. ८.३५.

१ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या कर्जांना एक तथ्यपत्रक (इंग्रजीत ‘की फॅक्ट्स स्टेटमेंट’) द्यावं लागतं, त्यात विम्यासकट सगळा खर्च धरून वर्षाचा खरा दर लिहिलेला असतो. आमच्या वेळी नव्हतं. तुम्हाला मिळेल. तो कागद मिळाल्याशिवाय पेनाचं टोपण काढू नका, आणि एजंटचा ईमेल, एजंटचा मोबाइल कुठल्याही रकान्यात जाऊ देऊ नका. एसएमएसमध्ये मुदत हा शब्द दिसला की त्याच दिवशी उरलेले हप्ते मोजा. बायको विचारते तेव्हा उत्तर द्या.

गेल्या आठवड्यात पुन्हा शाखेत गेलो होतो. नव्या ग्राहकांचा दर आता ७.९० आहे, तो मला द्या असा अर्ज घेऊन. फी पुन्हा लागणार आहेच. काउंटरवरच्या मुलीने अर्ज घेतला, ‘ठेवून जा सर’ म्हणाली. मी पोच मागितली. शिक्का साहेबांच्या ड्रॉवरमध्ये आहे, साहेब जेवायला गेलेत. मी समोरच्या बाकावर बसलो. पावणेतीनला साहेब आले, सव्वातीनला ड्रॉवरची किल्ली सापडली. पोचेवर तारीख घालायला विसरले होते, ती घालून घेतली.