कमिट हुक: आपली शेल स्क्रिप्ट की प्री-कमिट टूल?

हुक म्हणजे कमिट (बदलांची नोंद) होण्याआधी गिट आपोआप चालवतं ती स्क्रिप्ट. हे हुक रेपोबरोबर, म्हणजे प्रोजेक्टच्या कोडबरोबर, क्लोन होत नाहीत, त्यामुळे टीमसाठी काहीतरी सोय करावीच लागते. एक तर स्क्रिप्ट रेपोतल्याच फोल्डरमध्ये ठेवून गिटचं हुक्सपाथ सेटिंग तिकडे वळवायचं (गिट 2.9 पासून, म्हणजे 2016 पासून हे जमतं), नाहीतर प्री-कमिट हे हुक सांभाळणारं, पायथनमधलं टूल घ्यायचं. मी दोन्ही वापरलंय. क्लोननंतर प्रत्येकाला एकदा कमांड मारावी लागते, ते दोन्हीकडे सारखंच.

शेल स्क्रिप्ट सुटसुटीत. वेगळं काही इन्स्टॉल करायला नको, विंडोजवरही गिटसोबत बॅश येतंच. लिंटर (कोडमधल्या चुका दाखवणारं टूल) आणि दोन-चार तपासण्या एवढंच काम असेल तर मी तिला नावं ठेवणार नाही.

पण मला 'गिट अ‍ॅड -पी' वापरून फाइलमधले निवडक तुकडेच स्टेज करायची, म्हणजे पुढच्या कमिटसाठी निवडायची, सवय आहे, आणि तिथे गाडं अडलं. साधी स्क्रिप्ट डिस्कवरची अख्खी फाइल तपासते, स्टेज केलेली नाही. मग जे अर्धवट फंक्शन मी या कमिटमध्ये घेणारच नव्हतो, त्यापायी कमिट अडतं. उलट, इम्पोर्टची ओळ स्टेज करायची राहिली तरी सगळं हिरवं. फॉर्मॅटर (कोडची मांडणी आपोआप नीट करणारं टूल) तर कहर करतो: फाइल नीट झाली की स्क्रिप्ट स्वतःच ती पुन्हा अ‍ॅड करते, आणि मुद्दाम मागे ठेवलेल्या डीबगच्या ओळी गुपचूप कमिटमध्ये जाऊन बसतात. रिव्ह्यूत विचारणा होते, 'हे प्रिंट कशाला?' स्क्रिप्टमध्ये स्टॅश (बदल तात्पुरते बाजूला ठेवणारी कमांड) घालून पाहिलं, तर पॉप करताना, म्हणजे ते बदल परत आणताना, कॉन्फ्लिक्ट. शेवटी हुकचीच देखभाल करत बसलो.

प्री-कमिट स्टेज न केलेले बदल आधी बाजूला काढतं, मग तपासतं, मग परत ठेवतं. हुकने फाइल बदलली तर कमिट थांबवतं, पण स्वतःहून अ‍ॅड करत नाही. बदल बघून ते तुम्हीच करायचं. सुरुवातीला हे जाचक वाटेल, मला आता हेच आवडतं. शिवाय 'स्किप' व्हेरिएबलमध्ये नाव दिलं की तेवढा एकच हुक वगळता येतो, सगळेच हुक टाळणारं 'नो-व्हेरिफाय' सरसकट मारावं लागत नाही.

पहिल्या वेळी हुकना लागणारं एन्व्हायर्नमेंट तयार होताना प्री-कमिट रेंगाळतं, आणि ज्या टीमचा पायथनशी संबंध नाही तिथे कुरकुर होईल, हे खरं. तुम्ही नेहमी अख्ख्या फाइलीच कमिट करत असाल, तर माझ्या तक्रारीचा तुम्हाला कदाचित काहीच त्रास नसेल.

स्क्रिप्टवरून इकडे येणार असाल तर आधी हुक्सपाथ काढून टाका. ते सेट असेल तर प्री-कमिट टूल आपले हुक बसवायला चक्क नकार देतं.