अंधारात चमकणारं घड्याळ, पट्टी की कांडी: कशासाठी काय घ्यावं?

दुकानात एक युक्ती हमखास होते. घड्याळ असो, मुलांच्या खोलीतल्या चांदण्या असोत की जिन्याची पट्टी, दुकानदार वस्तू मोबाइलच्या टॉर्चखाली क्षणभर धरतो, ओंजळीत झाकतो आणि म्हणतो, "बघा आत." आत हिरवंगार झळाळत असतं. या परीक्षेत सगळेच पास होतात, कारण पहिल्या दोन मिनिटांत चांगला माल आणि टाकाऊ माल यांतला फरक डोळ्याला कळत नाही. तो कळतो पहाटे चारला. म्हणून पैसे काढण्याआधी दोन गोष्टी बघायच्या: हा उजेड येतो कुठून, आणि आपल्याला तो अंधार पडल्यावर किती तासांनी लागणार आहे.

उजेड येण्याच्या वाटा मोजक्या आहेत. काही पदार्थ आधी प्रकाश साठवतात आणि मग सोडतात. काहींच्या पोटात किरणोत्सारी द्रव्य असतं, ते रात्रंदिवस उजेड पाडत राहतं. काहींत दोन रसायनं एकत्र आली की प्रकाश निघतो. आणि काही वस्तू मुळात चमकतच नाहीत, समोरून आलेला उजेड फक्त परत फेकतात. ऑनलाइन मात्र हे सगळं 'ग्लो इन द डार्क' या एकाच नावाखाली विकलं जातं आणि गोंधळ तिथूनच सुरू होतो.

साठवणारे: जुना झिंक, नवा स्ट्रॉन्शियम

झिंक सल्फाइडची ही करामत सिदो नावाच्या फ्रेंच रसायनतज्ज्ञाने 1866 मध्ये नोंदवली. त्यात तांब्याचा किंचित अंश घातला की ओळखीचा पोपटी उजेड मिळतो. प्रकाश पडला की पदार्थातले इलेक्ट्रॉन वरच्या पातळीवर जातात. त्यातले काही स्फटिकातल्या दोषांमध्ये अडकून पडतात. खोलीतल्या उष्णतेच्या धक्क्याने ते एकेक करून सुटतात आणि खाली येताना प्रकाश देतात. माठ पाझरावा तसा हा साठा हळूहळू रिकामा होतो. खात्री करायची असेल तर चमकणारं स्टिकर फ्रीझरमध्ये ठेवून बघा. ते मंद होतं, कारण अडकलेल्यांना सुटायला ऊब मिळत नाही. बाहेर काढून तळहातात धरलं की पुन्हा उजळतं.

झिंक सल्फाइडचा साठा फार टिकत नाही. तासाभरात त्यात काही उरत नाही. 1993 मध्ये जपानच्या नेमोटो कंपनीने युरोपियम आणि डिस्प्रोसियम मिसळलेलं स्ट्रॉन्शियम अॅल्युमिनेट आणलं आणि खेळच बदलला. उजेड साधारण दहापट, टिकणंही साधारण दहापट. नाव ऐकून घाबरू नका: अणुस्फोटांच्या संदर्भात ज्याचं नाव येतं ते स्ट्रॉन्शियम-90 वेगळं, हे साधं आहे, त्यात किरणोत्सार नाही.

मग झिंक घ्यावंच का? घ्यावं, मुलांच्या खोलीच्या छतासाठी. पोर वीस मिनिटांत झोपणार असेल तर चांदण्या पहाटेपर्यंत जागवून काय करायचं? बाकी सगळीकडे स्ट्रॉन्शियम. ओळखायचं कसं? वस्तू ट्यूबलाइटखाली दहा मिनिटं ठेवा, मग दोन तास बंद कपाटात. रात्री पंधरा-वीस मिनिटं अंधारात बसा, डोळे सरावू द्या, आणि मग कपाट उघडा. तेव्हा आकार स्पष्ट दिसला तर माल खरा. मोबाइल बघत बघत कपाट उघडाल तर उत्तम मालही नापास होईल.

रंगाच्या बाबतीत हिरवा आणि निळसर-हिरवा, एवढेच दोन मनावर घ्या. अंधाराला सरावलेला डोळा 507 नॅनोमीटरच्या आसपास, म्हणजे निळसर-हिरव्या उजेडाला सर्वांत तीक्ष्ण असतो. लाल, गुलाबी, जांभळं चमकणारं दुकानात देखणं दिसतं, पण रात्री लवकर हरवतं. आणि हे सगळे पदार्थ निळ्या किंवा अतिनील प्रकाशावर भरतात. पांढऱ्या एलईडीत निळा भरपूर असतो, त्यामुळे मोबाइलची टॉर्च चालते. पिवळ्या बल्बखाली निम्मंही काम होत नाही आणि लाल झिरोच्या दिव्याखाली तर काहीच नाही.

घड्याळ: भरून घ्यायचं की आपोआप चमकणारं

खरी निवड इथे आहे. बहुतेक चांगल्या घड्याळांच्या काट्यांवर स्ट्रॉन्शियम अॅल्युमिनेटच असतं. स्वित्झर्लंडमध्ये ते सुपर-ल्युमिनोव्हा म्हणून विकलं जातं, सेको स्वतःच्या मालाला ल्युमिब्राइट म्हणते. दुसरीकडे ट्रिटियमच्या नळ्या. केसासारख्या बारीक काचेच्या नळीत आतून चमकणाऱ्या पदार्थाचा लेप आणि मध्ये ट्रिटियम वायू, म्हणजे हायड्रोजनचाच किरणोत्सारी भाऊ. त्यातून सुटणारे बीटा कण लेपावर आदळतात आणि उजेड पडतो. हे कण इतके दुबळे की नळीची काचही ओलांडत नाहीत, त्यामुळे मनगटाला भीती नाही. नळी फुटलीच तर खिडक्या उघडायच्या आणि थोडा वेळ बाहेर बसायचं.

संध्याकाळी दोन्ही घड्याळं शेजारी ठेवली तर सुपर-ल्युमिनोव्हावाल्यापुढे ट्रिटियमवालं फिकं, जवळजवळ निराश करणारं दिसतं. दोन-तीन तासांनी दोघं बरोबरीला येतात. पहाटे पहिल्याचा तासकाटा कसाबसा सापडतो, मिनिटकाटा नाही. ट्रिटियम संध्याकाळी होतं तेवढंच. साठवणाऱ्या घड्याळात आधी काटे दमतात आणि आकडे नंतर, कारण अरुंद काट्यावर लेप पातळ बसतो. म्हणून लेप 'सी3' जातीचा आहे की 'बीजीडब्ल्यू9' जातीचा यावर घोळ घालण्यापेक्षा काटे रुंद आहेत का, त्यात लेप भरपूर आहे का, हे भिंग लावून बघा. डायलवर 'डायव्हर्स 200 एम' असं खरोखर छापलेलं असेल तर बरं. त्यामागच्या आयएसओ 6425 मानकात अंधारात 25 सेंटिमीटरवरून वेळ वाचता आली पाहिजे अशी अट आहे. नुसता पाणबुड्यांच्या घड्याळासारखा अवतार पुरेसा नाही.

ट्रिटियमची गोम वेगळी. त्याचं अर्धायुष्य 12.3 वर्षं. आज घेतलेलं घड्याळ बारा वर्षांनी निम्मं चमकेल, पंचवीस वर्षांनी पाव. आणि ही घसरण घड्याळ विकलं जायची वाट बघत नाही. दुकानाच्या कपाटात पडून राहिलेला मालही म्हातारा होत असतो. तेव्हा सवलतीतलं ट्रिटियम घड्याळ घेताना ते कोणत्या वर्षी बनलं हे आधी विचारा. डायलवर 'टी25' असेल तर त्यातला किरणोत्सार 25 मिलिक्युरीच्या आत आहे असा अर्थ. भारतात किरणोत्सारी वस्तूंवर अणुशक्तिनगरच्या अणुऊर्जा नियामक मंडळाची नजर असते, म्हणून परदेशातून मागवत असाल तर कागदपत्रांचं आधी विचारून ठेवा. आणि किल्लीला लावायच्या सुट्या ट्रिटियम नळ्या ऑनलाइन मिळतात, त्यांच्या वाटेला जाऊ नका. खिशात घासून फुटायच्याच.

माझं मत विचाराल तर शंभरातल्या नव्वद जणांना ट्रिटियम लागत नाही. रात्रीच्या ट्रेकला हेडलॅम्प असतो. त्या उजेडात घड्याळ बघितलं की ते आपोआप भरतं. ट्रिटियम त्याच्यासाठी, ज्याला तासन्तास दिवाच लावता येत नाही. बुद्धपौर्णिमेला मचाणावर बसून पाणवठ्यावर येणारे प्राणी मोजणाऱ्याला ते घड्याळ शोभतं. रातपाळीच्या पहारेकऱ्यालाही.

जिना: पट्टी की रंग

सोसायटीच्या जिन्यासाठी फोटोल्युमिनेसंट, म्हणजे प्रकाश साठवून चमकणाऱ्या पट्ट्या हा उत्तम पर्याय. बॅटरी नाही, वायरिंग नाही. न्यूयॉर्कच्या वर्ल्ड ट्रेड सेंटरमध्ये 1993 च्या बॉम्बस्फोटानंतर जिन्यांत अशा खुणा केल्या होत्या आणि 2001 मध्ये त्याच जिन्यांनी लोक खाली उतरले. पुढे 2004 च्या कायद्याने त्या शहरातल्या उंच कार्यालयीन इमारतींना त्या सक्तीच्या झाल्या.

पट्टीच्या पाकिटावर '150/22–1800' असे आकडे शोधा. प्रकाश गेल्यावर दहा मिनिटांनी दर चौरस मीटरला 150 मिलिकँडेला (हे उजेडाचं माप), तासाने 22, आणि 1800 मिनिटांनी डोळ्याला दिसण्याच्या सीमेच्या शंभरपट उरेल, असा त्याचा अर्थ. आकडे नसतील तर पट्टी कितीही हिरवी असो, परत ठेवा.

एक अडचण मात्र विक्रेता सांगत नाही. वीज वाचवायला आता बऱ्याच जिन्यांत सेन्सरचे दिवे आहेत. माणूस आला की लागतात, गेला की विझतात. अशा जिन्यात पट्टी भरणार कधी? रात्री दहाला दिवे जातात तेव्हा तिच्यात दिवसाचंही काही शिल्लक नसतं. एकतर प्रत्येक मजल्यावर एक पांढरा एलईडी कायम चालू ठेवा, नाहीतर पट्टीचे पैसे वाचवून बॅटरीचा इमर्जन्सी दिवा घ्या.

पट्टीऐवजी पूड आणून रंगात कालवायचा बेत असेल तर जरा थांबा. स्ट्रॉन्शियम अॅल्युमिनेट पाण्याने बिघडतं. साध्या डिस्टेंपरमध्ये कालवलं तर थोड्याच दिवसांत मरतं. पाणी न लागणारा लेप दिलेली पूड घ्या, किंवा ती रेझिनमध्ये मिसळा. खाली आधी पांढरा हात मारा, त्यानं उजेड वाढतो. पूड खलबत्त्यात बारीक करू नका. दाणे जितके बारीक तितकी चमक कमी.

कांडी आणि परावर्तक

वाकवली की 'कट्' वाजून उजळणाऱ्या कांडीत आतली काचेची कुपी फुटते आणि हायड्रोजन पेरॉक्साइड ऑक्सलेटच्या एका संयुगाला मिळतं. त्यातून निघालेली ऊर्जा रंगद्रव्य उचलतं आणि प्रकाश देतं. काजव्याच्या पोटातही रसायनांचाच उजेड, फक्त रसायनं निराळी. उन्हाळ्यात कांडी झगझगीत पण थोडा वेळ, थंडीत मंद पण रात्रभर. एकदाच वापरायची, मग प्लास्टिक आणि आतलं तेल कचऱ्यात. तंबूची दोरी दिसावी म्हणून ठीक. पण गडावर नेलीत तर उतरताना रिकामी कांडी खिशात घालून आणा, आणि मे-जूनमध्ये भंडारदरा, पुरुषवाडीकडे काजवे बघायला जाताना ती घरीच ठेवा. कृत्रिम उजेडात काजव्यांना एकमेकांचे इशारे दिसेनासे होतात.

गाडीवर लावतात ती रेडियमची पट्टी या यादीत बसतच नाही. तिच्यात रेडियम नसतं आणि साठाही नसतो. काचेचे बारीक मणी किंवा प्रिझम हेडलाइटचा उजेड आला त्याच दिशेला परत पाठवतात. रस्त्यासाठी मात्र हीच घ्या. उसाच्या ट्रॉलीला मागे स्ट्रॉन्शियमची चमकती पट्टी लावली तर ती मागून येणाऱ्याला हाकेच्या अंतरावरही धड दिसणार नाही. परावर्तक पट्टी दूरवरूनच डोळ्यांत भरते. सायकलवाल्यांचं पोपटी जाकीटही असंच फसवं: ते कापड दिवसा आणि तिन्हीसांजेला उठून दिसतं, रात्री काम करतात त्यावरचे चंदेरी पट्टे.

आणि जुन्या बाजारातलं घड्याळ

चोर बाजारात किंवा पुण्याच्या जुन्या बाजारात जुनं घड्याळ हाती आलं, आकड्यांवर तपकिरी झालेला जाड लेप आहे आणि अंधारात काहीच चमकत नाही, तर ते 'मेलंय' असं समजू नका. तो लेप खऱ्या रेडियमचा असू शकतो. रेडियमचं अर्धायुष्य सुमारे 1600 वर्षं. संपलेलं असतं ते झिंक सल्फाइड, किरणांच्या माऱ्यानं. न्यू जर्सीतल्या ऑरेंज गावच्या कारखान्यात 1917 पासून असे आकडे रंगवणाऱ्या मुली ब्रशचं टोक ओठांनी टोकदार करत. पुढे त्यांच्यातल्या अनेकींचे जबडे सडले, आणि 1928 मध्ये कंपनीला तडजोड करून भरपाई द्यावी लागली. असं घड्याळ संग्रहासाठी घेतलंत तर काच उघडू नका, लेप खरवडू नका, नव्याने लेप भरून देतो म्हणणाऱ्या कारागिराला आधी रेडियमचं सांगा, आणि ते उशाशी न ठेवता हवेशीर जागी ठेवा.