ग्रीक शब्दकोश ‘लोगेयन’: काही महिन्यांच्या वापरानंतर

शिकागो विद्यापीठाचा ‘लोगेयन’ हा ग्रीक-लॅटिन कोश गेले काही महिने मी जवळपास रोज उघडते आहे. फुकट आहे, मोबाइलवर चालतो आणि एकच शब्द अनेक कोशांत एकदम शोधून देतो. त्यातला मुख्य आधार लिडेल आणि स्कॉट यांचा कोश. पहिली आवृत्ती १८४३ची, आणि सध्या वापरात असलेली नववी पूर्ण झाली १९४०मध्ये.

मी ग्रीकची विद्यार्थिनी नाही. मला नावांच्या अर्थांचं वेड आहे. वसईकडच्या ओळखीच्या घरांत व्हेरोनिका, ख्रिस्तोफर ही नावं नेहमी कानावर पडतात, आणि बाळांच्या नावांची यादी देणाऱ्या साइटवर त्यांच्यापुढे एका ओळीचा अर्थ ठोकून दिलेला असतो. कुठून आला, कोणी वापरला, काही पत्ता नाही. या कोशात प्रत्येक अर्थापुढे तो कुठल्या लेखकाने, कुठल्या ग्रंथात वापरला याचा दाखला असतो. मला तो हवा होता.

सगळ्यात जास्त रमले ते ‘फेरो’ या क्रियापदात. यातला ‘फ’ आपल्या ‘फळ’मधल्यासारखा म्हणायचा, प्राचीन ग्रीक उच्चार तसाच होता. अर्थ वाचत गेलं की ओझं वाहणं, दुःख सोसणं, जमिनीने पीक देणं, रस्त्याने कुठेतरी नेणं, असा पसारा उलगडतो. संस्कृतातला ‘भृ’ धातू याचा सख्खा भाऊ. संस्कृत ‘भ’च्या जागी ग्रीकमध्ये ‘फ’ येतो: भ्राता तसा फ्रातेर, भरति तसं फेरेइ. अथेन्सला मित्रराज्यं दरवर्षी जी रक्कम देत तिला ‘फोरोस’ म्हणत, आणि आपण आजही कर ‘भरतो’. हे वाचलं तेव्हा मी जागची उठून घरात सगळ्यांना सांगत सुटले!

आता नावं. ख्रिस्तोफर सरळ आहे: ख्रिस्ताला वाहून नेणारा. व्हेरोनिकाची गोष्ट लांबची. ‘फेरो’ला ‘निके’ म्हणजे विजय जोडला की ‘फेरेनिकोस’, विजय आणणारा. सिराक्यूजचा राजा हिएरॉन याच्या शर्यतीच्या घोड्याचं हे नाव होतं, आणि इ.स.पू. ४७६मध्ये तो ऑलिंपियात जिंकलाही. याच शब्दाचं स्त्रीरूप मॅसेडोनियन उच्चारात ‘बेरेनिके’ झालं, कारण तिकडे ‘फ’च्या जागी ‘ब’ येई. पुढे त्याचंच व्हेरोनिका. ‘खरी प्रतिमा’ हा अर्थ नंतर चिकटवलेला आहे. त्यासाठी लॅटिन ‘वेरा’ आणि ग्रीक ‘इकॉन’ यांची मोट बांधावी लागते. इजिप्तच्या राणी बेरेनिकेने नवरा लढाईहून सुखरूप परतावा म्हणून केस अर्पण केले. ते देवळातून नाहीसे झाले, तेव्हा दरबारी ज्योतिषी कोनॉन याने ते आकाशात दाखवले. मराठीत त्या तारकासमूहाला आपण अरुंधती केश म्हणतो.

हेच दोन तुकडे उलटे जोडले की ‘निकेफोरोस’. इंडो-ग्रीक राजा अँटिअल्किडास याच्या नाण्यांवर एका बाजूला ग्रीकमध्ये ही पदवी आहे आणि दुसऱ्या बाजूला खरोष्ठी लिपीत, प्राकृतात, ‘जयधर’. विदिशाजवळच्या बेसनगरच्या गरुडस्तंभावर ज्याचं नाव कोरलंय तोच हा राजा. दोन हजार वर्षांपूर्वी कुणीतरी बसून हा नेमका प्रतिशब्द शोधला, याचं मला फार अप्रूप वाटतं.

शब्दांचं म्हणाल तर फॉस्फरस (प्रकाश आणणारा, मुळात पहाटेचा शुक्र) बहुतेकांना माहीत असतो. मला आवडला ‘पॅराफर्नेलिया’. आज त्याचा अर्थ सटरफटर सामान, पण ‘फेर्ने’ म्हणजे हुंडा, आणि ‘पाराफेर्ना’ म्हणजे हुंड्याखेरीज बायकोच्या स्वतःच्या मालकीचं जे काही ते. आपल्या स्त्रीधनाच्या अगदी शेजारचा शब्द.

अडचणीही सांगते. ग्रीक अक्षरं ओळखता आली पाहिजेत. थोडे दिवस रोज बसलात तर येतात. विशेषनामांसाठी हा कोश नाही, त्यामुळे नाव आधी स्वतः फोडायचं आणि मग एकेक तुकडा शोधायचा. ग्रंथकारांची नावं इतकी आखूड केलेली असतात की सुरुवातीला डोळे फिरतात. व्युत्पत्ती तर जेमतेम मिळते. तिच्यासाठी बीकेस यांचा २०१०चा दोन खंडांचा कोश लागतो, तो महाग आहे, एखाद्या मोठ्या ग्रंथालयात बसूनच पाहावा.

ज्यांना पटकन अर्थ हवाय त्यांनी या वाटेला जाऊ नये. ज्यांच्याकडे संस्कृतची थोडी पुंजी आहे त्यांनी मात्र जरूर वापरावा. सुरुवात ‘फेरो’पासून करा, मग ‘फोरोस’, मग ‘फेर्ने’.