व्हिटा घेतला, पण खेळतो पीएसपीच

सोनीचा पीएस व्हिटा, म्हणजे हातात धरून खेळायचं गेमचं यंत्र, आज व्हिटाचेच गेम खेळायला कुणी घेत असेल तर खुशाल घ्यावा. मी घेतला तो पीएसपीचे, म्हणजे सोनीच्याच त्याआधीच्या हातातल्या यंत्राचे, जुने गेम खेळायला, आणि त्या एका कामात याच्या तोडीचं दुसरं यंत्र माझ्या हाताखालून गेलेलं नाही. कराडला माझं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे, त्यामुळे हाताखालून बरंच काही जातं. पण प्लेस्टेशन वन, गेमबॉय असलं काही खेळायचं म्हणून कुणी व्हिटा घ्यायला निघालं असेल, तर मी त्याला दारातच अडवेन. ते काम खिशातला फोन करतो.

माझ्याकडचा व्हिटा पीसीएच-१००० मालिकेतला आहे. म्हणजे २०१२ साली आपल्याकडे आला तो पहिला, जाडसर, ओलेड पडद्याचा. नंतरचा २००० सडपातळ आहे, त्याला साधी मायक्रो यूएसबी पिन आहे, बॅटरीही जरा जास्त टिकते, पण पडदा एलसीडी. ओळखीच्या कुणी विचारलं तर कटकट नको म्हणून २००० सांगेन. स्वतःसाठी १०००च शोधला, कारण पडदा. पुण्यातल्या एका सेकंडहँड विक्रेत्याकडून साडेतेरा हजारांना घेतला, कुरिअरने मागवला, ‘सगळं करून दिलेला’ असा.

आता हे ‘सगळं’ म्हणजे काय ते थोडक्यात. २०१६च्या जुलैमध्ये मॉलिक्युल नावाच्या चमूने हेन्काकू काढलं आणि व्हिटात सोनीच्या परवानगीशिवायचे प्रोग्राम चालू लागले. पुढच्या वर्षी एन्सो आलं. त्यामुळे यंत्र बंद करून चालू केलं तरी हॅक जागेवरच राहतो, दर वेळी पहिल्यापासून सुरुवात नको. आणि ‘द फ्लो’ या नावाने वावरणाऱ्या प्रोग्रामरने ॲड्रेनलिन लिहिलं. माझ्यासारख्यांच्या दृष्टीने खरी चीज ती.

मुळात पीएसपीचे गेम चालवायची सोय सोनीने व्हिटात स्वतःच ठेवली होती, स्टोअरवरून विकता यावेत म्हणून. पण व्हिटाला यूएमडीचा, म्हणजे पीएसपीच्या छोट्या डिस्कचा, ड्राइव्ह नाही. तुमच्याकडे डिस्कची चळत असली तरी ती घालायची कुठे? शिवाय स्टोअरवर जे नाही ते नाहीच. ॲड्रेनलिन काय करतं, तर सोनीनेच ठेवलेली ती सोय पूर्ण मोकळी करतं. आयकॉनवर बोट ठेवलं की पीएसपीचा तोच मेनू येतो, तीच लाटांची पार्श्वभूमी, सेटिंगमध्ये फर्मवेअर, म्हणजे पीएसपीचं आतलं सॉफ्टवेअर, ६.६१. आणि व्हिटाच्या आत पीएसपीच्या जातीचा एमआयपीएस प्रोसेसर खरोखर बसवलेला आहे. म्हणजे पीएसपीच्या प्रोसेसरची नक्कल सॉफ्टवेअरने करायची भानगडच नाही. गेम अडखळत नाही, आवाज फाटत नाही. जिथे खऱ्या पीएसपीवर गेम जरा मंदावायचा, तिथे इथेही मंदावतो.

दुकानात बसून खेळणाऱ्याला सगळ्यात मोलाची गोष्ट म्हणजे गिऱ्हाईक आलं की थांबता येणं. ‘गॉड ऑफ वॉर: घोस्ट ऑफ स्पार्टा’ चालू आहे, क्रेटोस अर्ध्या उडीत आहे, आणि काउंटरवर कुणीतरी फोन ठेवतं, “दादा, एवढं टफन बसवून द्या.” वरचं बटण एकदा दाबायचं, पडदा काळा. टफन बसवायचं, बुडबुडे काढायचे, पैसे आल्याचा आवाज ऐकायचा, पुन्हा बटण. क्रेटोस तिथेच हवेत. सेव्ह नाही, लोडिंग नाही, मेनू नाही. रात्री दुकान बंद करताना झोपवलेला गेम दुसऱ्या दिवशी सकाळी तिथूनच सुरू होतो आणि बॅटरी जेमतेम उतरलेली असते. फोनवर हे जमत नाही. मध्येच कॉल येतो, वरून मेसेजच्या पट्ट्या पडतात, आणि दुसरं काही उघडलं की अँड्रॉइड मागचा गेम कधी बंद करून टाकेल याचा नेम नाही.

पडद्याचं गणित इतकं नेटकं जुळलंय की सोनीच्या इंजिनिअरची पाठ थोपटावीशी वाटते. पीएसपीचा पडदा ४८० बाय २७२, व्हिटाचा ९६० बाय ५४४. बरोबर दुप्पट, दोन्ही बाजूंनी. सेटिंगमध्ये बायलिनियर फिल्टरिंग बंद केलं की पीएसपीच्या एका ठिपक्याच्या जागी व्हिटाचे नेमके चार ठिपके बसतात, चित्र कुठेही ताणलं जात नाही. कडा दातेरी दिसतात, पण त्या खऱ्या दातेरी कडा आहेत. फिल्टरिंग चालू ठेवलं तर सगळं थोडं पुसट होतं. ज्यांना गुळगुळीत आवडतं त्यांनी ठेवावं, मी ‘पटापॉन’ आणि ‘लोकोरोको’ला बंदच ठेवतो. त्यांची चित्रं ठळक रंगांची, सपाट, ती ओलेडवर अशी उठतात की मूळ पीएसपीवर आपण काय बघत होतो असं वाटावं.

आणि तुलना करायला माझ्याकडे मूळ यंत्रं आहेत. पीएसपी-१०००च्या पडद्यावर काळोखातली हालचाल मागे सावली सोडत जाते. ३०००वर सोनीने ते सुधारलं, पण त्यावर आडव्या बारीक रेषा दिसू लागल्या, एकदा डोळ्यांत भरल्या की जात नाहीत. व्हिटाच्या ओलेडला यातलं काही नाही. त्याचं दुखणं वेगळं: प्रकाश कमी करून अंधारात काळं दृश्य बघितलं तर पडद्यावर ढगाळ डाग दिसतात. १००० मालिकेत हे सर्रास आहे, कमी-जास्त इतकंच. उजेडात कळत नाही. रात्री पांघरुणात खेळणाऱ्यांनी मात्र घेण्याआधी तपासून घ्यावं.

बटणांबद्दल. पीएसपीला एकच ॲनालॉग, म्हणजे अंगठ्याने फिरवायची स्टिक, होता, तोही सरकणारी चपटी चकती. कॅमेरा फिरवायला जागाच नव्हती, म्हणून गेम करणाऱ्यांनी नाना कसरती काढल्या. ‘मॉन्स्टर हंटर फ्रीडम युनाइट’ खेळणारे अंगठा चकतीवर ठेवून तर्जनी वाकवायचे आणि तिने दिशेची बटणं दाबायचे. तासाभराने बोट आखडायचं. व्हिटावर उजवी स्टिक दिशेच्या बटणांना जोडली की प्रश्न मिटला, आणि ही सोय तर सोनीचीच, हॅकही नको. ‘जीटीए: व्हाइस सिटी स्टोरीज’साठी द फ्लोनेच ‘रिमास्टर्ड कंट्रोल्स’ नावाचं प्लगइन, म्हणजे वरून जोडायचा छोटा प्रोग्राम, लिहिलंय. ते घातलं की उजव्या स्टिकने कॅमेरा फिरतो, जसा पीएस टूवर फिरायचा. २००६चा हा गेम मी पीएसपीवर अर्ध्यात सोडला होता, नेम धरताना अंगठ्याची फुगडी व्हायची म्हणून. इथे शेवटपर्यंत खेळलो. मुख्य म्हणजे व्हिटाच्या स्टिक झिजल्या तर बदलता येतात, सोल्डरिंग लागत नाही. फक्त १०००ची स्टिक २०००ला चालत नाही, मागवताना नीट बघा.

गेम आणायचे कुठून, हे मला पोरं हळूच विचारतात. माझ्याकडे ड्रॉवरभर यूएमडी आहेत, मी त्यांच्याच प्रती काढल्या. पीएसपी-३०००वर कस्टम फर्मवेअर, म्हणजे सोनीचं नसलेलं, बाहेरच्यांनी बदललेलं सॉफ्टवेअर, आहे, त्याच्या मेनूत यूएसबीची निवड मेमरी स्टिकऐवजी ‘यूएमडी डिस्क’ करायची आणि केबल कॉम्प्युटरला लावायची. अख्खी डिस्क एका आयएसओ फाइलच्या रूपात समोर येते, ती उचलून कॉपी करायची. ड्राइव्ह खर्र-खर्र करत राहतो, घाई चालत नाही. एक अडचण हमखास येते: यूएमडीच्या डबीची पारदर्शक बाजू वर्षानुवर्षांनी सुटते आणि डिस्क आत डळमळते. लोक फेव्हिक्विक ओततात आणि मग डिस्कवर पांढुरकी वाफ धरते, ती गेली कामातून. टाचणीच्या टोकाने, फक्त कडेला, चार ठिकाणी अगदी कणभर लावायचं आणि डबी उघडीच वाळू द्यायची. मी लेन्सच्या काचा चिकटवताना हेच करतो. कार्डावर आलेल्या गेमचा आणखी एक फायदा म्हणजे लोडिंग. ‘टेकन: डार्क रेझरेक्शन’मध्ये दोन लढतींमधली ती ताटकळ आता जाणवत नाही.

आता विक्रेत्याची करामत. १०००च्या पोटात साठवणीची जागा नाही, आणि सोनीची मेमरी कार्डं वेगळ्याच आकाराची, आणि महाग. म्हणून यंत्रात असे फेरफार करणारे मॉडवाले गेमकार्डच्या खाचेत एसडी-टू-व्हिटा नावाचं छोटं अडॅप्टर घालतात आणि त्यात साधं मायक्रोएसडी. कल्पना झकास आहे. मला ‘१२८ जीबी, गेम भरून’ म्हणून दिलेलं कार्ड बघताक्षणी मनात पाल चुकचुकली, छपाईच फिकट होती. कॉम्प्युटरला लावून कार्डाची खरी जागा तपासणारं एच-टू-टेस्ट-डब्ल्यू चालवलं, तर खरी जागा ३२च्या आतबाहेर. अशी कार्डं कॉम्प्युटरला खोटं माप सांगतात. खरी जागा भरली की पुढचं लिहिलेलं हवेत जातं किंवा आधीच्या फाइलवर चढतं, आणि मग एके दिवशी तुमचा सेव्ह उघडत नाही. विक्रेत्याला फोन केला, तर उत्तर आलं, “सर, गेम तर चालतायत ना?” कार्डाचे पैसे परत मिळाले नाहीत. यंत्राला मी पाचपैकी साडेचार देतो, विक्रेत्याला दोन, तेही आतले स्क्रू सगळे जागेवर होते म्हणून. पक्क्या दुकानातून बिलासकट ६४ जीबीचं कार्ड आणलं. पूर्ण भरलेली यूएमडी १.८ जीबीची, म्हणजे तीस डिस्क आरामात बसतात, आणि बहुतेक गेम त्याहून लहानच आहेत. अडॅप्टरमुळे खाच मात्र कायमची अडते. व्हिटाचं मूळ गेमकार्ड घालायचं तर अडॅप्टर काढावं लागतं, आणि ते परत घालेपर्यंत त्यावरचं काहीच चालत नाही.

प्लेस्टेशन वन? चालतं. ॲड्रेनलिनमधून ‘टेकन ३’ सुरू केला की गेम पार्लरचा वास येतो, तासाला दहा रुपये, आणि एडी हा लढवय्या घेऊन नुसती लाथांची बटणं बडवणाऱ्याला बाकीच्यांच्या शिव्या. पण इथे पीएसपीसारखं गणित जुळत नाही. प्लेस्टेशन वनच्या चित्राच्या २४० ओळी व्हिटाच्या ५४४मध्ये सरळ पटीत बसत नाहीत, चित्र एकतर किंचित मऊ दिसतं किंवा चारी बाजूंनी काळी चौकट. एल-टू आणि आर-टू बटणं व्हिटाला नाहीतच, त्यांचं काम टचवर सोपवावं लागतं. लढायांच्या गेममध्ये चालून जातं. ज्या गेममध्ये ती बटणं सारखी लागतात तिथे बोटं चुकत राहतात.

फोनवरच्या पीपीएसएसपीपीची, म्हणजे पीएसपीची नक्कल करणाऱ्या ॲपची, बाजूही सांगायला हवी, नाहीतर दुकानदारी केल्यासारखं होईल. ते फुकट आहे, आणि बऱ्यापैकी फोनवर पीएसपीचे गेम मूळच्या कितीतरी पट बारकाव्याने रंगवतं. व्हिटा चित्र फक्त मोठं करतो, जास्त रेखीव करत नाही. ज्याला धारदार चित्र हवं त्याने हातातल्याच फोनला दोन बाजूंनी बसणारा कंट्रोलर घ्यावा, निम्म्याहून कमी पैशात काम होईल. मला काचेवर अंगठे घासत खेळायला आवडत नाही आणि माझा फोन म्हणजे माझा गल्ला आहे. तो गेममध्ये अडकवणं परवडत नाही.

चार्जिंगची गंमत ऐका. माझ्या दुकानात भिंतभर केबल लटकतात, त्यातली एकही १०००ला लागत नाही. पोर्ट सोनीच्या स्वतःच्या आकाराचं आहे. डुप्लिकेट केबल ऑनलाइन मिळते, पण तिची पिन सैल निघते, हात लागला की चार्जिंग थांबतं. यंत्राबरोबर मूळ केबल मिळत असेल तर पाच-सातशे रुपये जास्त द्या, पण ती सोडू नका. पूर्ण चार्जवर पीएसपीचे गेम मला साधारण चार-साडेचार तास मिळतात, दुसऱ्या हातचं जुनं यंत्र असूनही.

घेताना विक्रेत्याकडून व्हिडिओ कॉलवर यंत्र बंद करून चालू करून घ्या. एन्सो असेल तर सुरू होतानाच त्याचा वेगळा लोगो दिसतो, आणि सेटिंगमध्ये ३.६५ किंवा ३.६० अशी आवृत्ती असते. ३.७४वर असलेला मिळाला तरी बिघडत नाही. त्यावर हेन्लो नावाचा हॅक चालतो आणि मोदोरू या प्रोग्रामने खाली ३.६५वर आणता येतो, पण मग ‘सगळं करून दिलेला’चा भाव देऊ नका. अपडेटची सूचना कधीही आली तरी ‘नाही’ दाबायचं. घरातल्या पोराच्या हातात द्याल तर हे त्याला आधी सांगा. एखादं प्लगइन बिनसून यंत्र अडकलं, तर सुरू करताना डावीकडचं एल बटण दाबून धरा, प्लगइन न घेता उघडतो. पंधरा हजारांच्या वर कुणी मागत असेल तर नमस्कार करून बाहेर पडा, खोक्यासकट आणि मूळ केबलसकट असेल तरच पुढे बोला.